उपाशी मन

आजार म्हटला कीं आपणांस ताप, नाडी व औषधाची बाटली हीं आठवतात. मनुष्य जेवत नाहीं ही गोष्ट आपण आजाराचें लक्षण मानतों, स्वतंत्र आजार मानीत नाहीं. ताप उतरला म्हणजे भूक लागेल असें घरांतील वडील माणसें सांगतात, आणि बहुधा तसें घडतेंही. परंतु जेवणाशीं असलेलें नातेंच बिघडून जावें, व त्या बिघाडानें मन, शरीर, अभ्यास, मैत्री आणि घरचें सुख हीं एकामागून एक पोखरून निघावीं, असाही एक रोग आहे. त्याच्या निरनिराळ्या प्रकारांस मिळून आहारविकार म्हणतात. हा रोग विशेषेंकरून बारा ते पंचवीस या वयांत उद्भवतो, म्हणजे आमच्या शाळेच्या बांकांवर जीं मुलें बसतात त्यांच्याच वयांत. म्हणून वार्षिकाच्या या अंकांत त्याविषयीं चार शब्द लिहावे असें आम्हांस वाटलें.

प्रकारांची चर्चा येथें थोडक्यांतच करूं. एका प्रकारांत वजन वाढण्याच्या भयानें मनुष्य अन्न तोडूं लागतो, आणि शरीर वाळून गेलें तरी तें भय जात नाहीं. यास ॲनोरेक्सिया नर्व्होसा असें नांव आहे. दुसऱ्यांत रोगी भान हरपून एकाच बैठकीस पुष्कळ खातो, आणि मग लाजेनें व भीतीनें आपल्याच शरीरास नाना तऱ्हेनें शिक्षा करतो; या बुलिमियाचें वर्णन लंडनचे डॉक्टर जेराल्ड रसेल यांनीं १९७९ सालीं केलें. तिसऱ्यांत खाण्याचे झटके येतात, मागून शिक्षा नसते, परंतु पश्चात्ताप तितकाच असतो. अमेरिकेंतील मानसोपचारज्ञांच्या अधिकृत ग्रंथांत त्याला २०१३ सालीं स्वतंत्र स्थान मिळालें. वाचकांनीं एवढें ध्यानांत ठेवावें कीं, अंगकाठी पाहून हा रोग ओळखतां येत नाहीं. बुलिमियाचा रोगी दिसावयास अगदीं चारचौघांसारखा असतो, आणि म्हणूनच तो वर्षानुवर्षें कोणाच्या नजरेस येत नाहीं.

हें आजकालच्या सिनेमाचें व मासिकांतल्या चित्रांचें खूळ आहे असें म्हणणारे लोक भेटतात. त्यांनीं रिचर्ड मॉर्टन याचा ग्रंथ पाहावा. मॉर्टन हा पूर्वीं पाळक होता. पुढें तो लंडनमध्यें वैद्यकी करूं लागला. क्षयरोगावर त्यानें १६८९ सालीं प्रसिद्ध केलेल्या लॅटिन ग्रंथांत दोन चमत्कारिक रोग्यांची हकीकत आहे. एक अठरा वर्षांची मुलगी, व दुसरा एका पाळकाचा सोळा वर्षांचा मुलगा. दोघांसही ताप नव्हता, खोकला नव्हता, तरी अन्नावरची वासना उडून तीं झिजत चाललीं होतीं. आणि याचें मूळ मनाच्या दुःखांत व अतिरिक्त अभ्यासांत आहे असें मॉर्टननें ओळखलें. मुलास त्यानें पुस्तकें मिटून गांवच्या मोकळ्या हवेंत राहण्यास, घोड्यावर फिरण्यास व दूध घेण्यास सांगितलें, आणि तो पुष्कळ अंशीं सुधारला. मुलगी औषधांस कंटाळली, तिनें तीं सोडलीं, आणि कांहीं महिन्यांत ती मरण पावली. तीनशेंहून अधिक वर्षांपूर्वींच्या या नोंदींत एक मुलगी व एक मुलगा आहे हें लक्षांत घेण्याजोगें आहे. हा केवळ मुलींचा रोग आहे अशी समजूत अजूनही पुष्कळांची असते, व त्यामुळें मुलगे उशिरां डॉक्टरांपुढें येतात.

पुढें १८७३ सालीं पॅरिस येथें लासेग यांनीं व लंडन येथें सर विल्यम गल यांनीं, एकमेकांपासून स्वतंत्रपणें, या रोगाचें वर्णन केलें. ॲनोरेक्सिया नर्व्होसा हें नांव गल यांचें. शब्दशः त्याचा अर्थ मज्जातंतूंच्या विकारानें भूक नसणें असा होतो, आणि आमच्या मतें हें नांव फसवें आहे. या रोग्यास भूक असते. तो तिच्याशीं रात्रंदिवस झुंजत असतो. लासेग यांच्या लेखांतील एक निरीक्षण आईबापांनीं मुद्दाम वाचण्यासारखें आहे. ते म्हणतात त्याचा भावार्थ असा कीं, घरच्या माणसांजवळ दोनच साधनें असतात, विनवणी आणि धमकी. तीं दोन्ही ते संपेपर्यंत वापरतात, आणि दोन्ही व्यर्थ जातात.

येथें उपासाविषयीं बोलणें प्राप्त आहे. आमच्या वाचकांच्या घरीं कोणी एकादशी करतात, कोणी रोजे ठेवतात, कोणी लेंटचे उपास पाळतात. संयमाला आपल्या देशांत मान आहे, आणि तो असावा. सिएना येथील संत कॅथरीन (१३४७–१३८०) हिचें अन्न शेवटीं इतकें तुटलें कीं, तिच्या वडीलधाऱ्या धर्मगुरूंनीं तिला खाण्यास सांगितलें, तरी तिच्यानें खाववेना. वयाच्या तेहतिसाव्या वर्षीं ती वारली. सहाशें वर्षांपूर्वींच्या साध्वीस आजच्या रोगाचें नांव चिकटविणें आम्हांस प्रशस्त वाटत नाहीं. तथापि उपास व रोग यांतील सीमारेषा कोठें आहे हा प्रश्न त्या काळींही लोकांस पडला होता, एवढें त्यावरून दिसतें. आम्हांस ती रेषा अशी वाटते: उपासाला पारणें असतें, या रोगाला पारणें नाहीं. उपास करणारा ठरल्या वेळीं आनंदानें ताटावर बसतो. रोग्यास ताट दिसतांच धडकी भरते. उपासानें मन देवाकडे किंवा गरजवंत शेजाऱ्याकडे वळावें अशी अपेक्षा असते. यशया संदेष्ट्यानें उपासाची कसोटी हीच सांगितली आहे. रोगानें मन केवळ अन्नाकडे व स्वतःच्या देहाकडे वळतें, आणि तेथेंच जखडून राहतें.

तें कसें जखडतें हें समजण्यासाठीं एका प्रयोगाची हकीकत सांगितली पाहिजे. दुसरें महायुद्ध संपत आलें होतें. युरोपांत असंख्य लोक उपासमारीनें खंगले होते, व त्यांस पुन्हां कसें पोसावें याचें ज्ञान कोणासच नीटसें नव्हतें. अमेरिकेंतील मिनेसोटा विद्यापीठाचे डॉक्टर ॲन्सेल कीज यांनीं त्यासाठीं छत्तीस तरुण निवडले. हे तरुण ब्रेदरेन, क्वेकर, मेनोनाइट अशा शांततावादी मंडळ्यांतले, श्रद्धेमुळें शस्त्र हातीं धरण्यास नकार दिलेले असे होते. युद्ध नाहीं तर निदान युद्धानें उपाशी ठेवलेल्यांसाठीं कांहीं सोसावें, या बुद्धीनें ते स्वेच्छेनें आले. शरीरानें धडधाकट व मनानें स्थिर अशांचीच पारख करून निवड झाली होती. विद्यापीठाच्या क्रीडांगणाच्या बैठकींखालीं असलेल्या खोल्यांत १९ नोव्हेंबर १९४४ रोजीं प्रयोग सुरू झाला. पहिले बारा आठवडे पोटभर अन्न. मग १२ फेब्रुवारी १९४५ पासून चोवीस आठवडे दिवसांतून दोनच जेवणें, पाव, बटाटे, सलगम, कोबी असलीं. शिवाय आठवड्यास बावीस मैल चालणें. किती अन्न दिलें याचा आंकडा आम्ही येथें मुद्दाम देत नाहीं. ज्याचें मन या रोगानें धरलें आहे त्याला असा आंकडा म्हणजे चढावयाची पायरी वाटते. जुलैच्या अखेरीस त्यांच्या वजनाचा सुमारें चौथा हिस्सा गेला होता.

वजन जाणारच होतें. मनाचें काय झालें, हें पाहण्यासारखें आहे. जे तरुण धर्म, युद्ध व समाज यांवर तासन् तास वाद घालीत, त्यांच्या तोंडीं आतां अन्नाखेरीज विषय उरला नाहीं. ते पाककृतींचीं पुस्तकें कादंबऱ्यांसारखीं वाचूं लागले. समोर आलेलें थोडकें अन्न कोणी तासभर चिवडीत बसे, कोणी त्यांत पाणी घालून तें वाढवी. ताट चाटून पुसल्यासारखें करणें हा सर्वांचा परिपाठ झाला. च्युइंगम चघळण्याचें प्रमाण दिवसाला चाळीस पुड्यांपर्यंत गेलें. वाढप्यास क्षणभर उशीर झाला तर शांततेचे हे पाईक संतापानें थरथरत. थट्टामस्करी मावळली. ज्यांनीं विद्यापीठाच्या वर्गांत नांवें घातलीं होतीं त्यांतील पुष्कळांनीं तीं सोडलीं. ऐन उन्हाळ्यांत त्यांना थंडी वाजे. सोबत्यांचा सहवास नकोसा होऊन ते एकेकटे बसूं लागले. कोणाचा मोह अनावर होऊन चोरून कांहीं खाल्लें, तर मागून होणारा पश्चात्ताप अपराधाच्या मानानें कितीतरी पट असे. शेवटीं एकट्यानें बाहेर जाऊं नये, जोडीदार बरोबर असावा, असा नियम करावा लागला. पुढें अन्न वाढविलें तेव्हां पोट तुडुंब भरलें तरी भूक शमेना, आणि आपल्याला आतां थांबतां येईल कीं नाहीं याची कित्येकांस धास्ती पडली. या सर्वांची साद्यंत नोंद कीज व त्यांच्या सहकाऱ्यांनीं १९५० सालीं दोन मोठ्या खंडांत प्रसिद्ध केली.

आतां विचार करावा. या छत्तीस जणांस सडपातळ दिसण्याची हौस नव्हती. आरशाचें भय नव्हतें. ते हट्टी नव्हते, लाडावलेले नव्हते, घरीं कोणाशीं त्यांचें भांडण नव्हतें. तरी केवळ उपासमारीनें त्यांचा स्वभाव सहा महिन्यांत पालटला. म्हणजे आपण ज्याला त्या मुलीचा हट्ट, त्या मुलाचा तिरसटपणा, चोरटेपणा, माणूसघाणेपणा म्हणतों, त्यांतला फार मोठा भाग उपाशी मेंदूचें काम असतें. एक भेद मात्र सांगितला पाहिजे. त्या तरुणांचा उपास बाहेरून लादलेला होता व त्याची शेवटची तारीख त्यांस ठाऊक होती. रोग्याचा पहारेकरी त्याच्याच मनांत बसलेला असतो, आणि तो तारीख सांगत नाहीं.

या पहारेकऱ्याबरोबर जगणें कसें असतें? सकाळीं डोळा उघडतांच पहिला विचार काल काय खाल्लें हा, व दुसरा आज काय टाळतां येईल हा. वर्गांत इतिहासाचा तास चाललेला असतो; पोर वहींत सनावळी लिहीत असते आणि मनांत घांस मोजीत असते. मधली सुट्टी ही इतर मुलांची मौज, याची परीक्षा. डबा कोणास तरी वाटून टाकावा, घरीं रिकामा दाखवावा, आईनें विचारलें तर मैत्रिणीकडे खाल्लें म्हणून सांगावें. असें रोज दहा वेळां खोटें बोलावें लागतें, आणि जें पोर मुळांत सत्यप्रिय असतें त्याला तें खोटें पोटांतल्या भुकेपेक्षां अधिक जाळतें. वाढदिवस, लग्न, नाताळची मेजवानी, सहल, जेथें जेथें पंगत तेथें तेथें न जाण्यास निमित्त शोधावें लागतें. निमित्तें संपतात, निमंत्रणेंही संपतात. बुलिमियाच्या रोग्याचें एकटेपण याहूनही दाट असतें, कारण त्यास वाटतें कीं आपलें हें गुपित कळलें तर जग आपल्या तोंडाकडे पाहणार नाहीं.

आणखी एक गोष्ट फार क्रूर आहे. रोगाच्या आरंभीं स्तुति होते. किती छान बारीक झालीस, असें नातलग म्हणतात. ती स्तुति पहारेकऱ्याच्या हातांतली काठी होते. आम्हां शिक्षकांकडूनही ती येते. हीं मुलें पुष्कळदां नीटनेटकीं, चोख, एका गुणासाठीं रात्र जागणारीं अशीं असतात. जी कडक शिस्त त्यांस पहिला क्रमांक मिळवून देते तीच ताटावर उतरलेली असते, हें प्रगतिपुस्तक पाहून दिसत नाहीं. मग एकाग्रता सुटते, झोंप उडते, उदासपणा येतो. जीव नकोसा वाटण्यापर्यंतही मजल जाते. हृदय अशक्त होतें. मानसिक आजारांपैकीं ज्यांत मृत्यूचें प्रमाण अतिशय मोठें आहे अशांत ॲनोरेक्सियाची गणना होते. हें वाक्य आम्ही भीति घालण्यासाठीं लिहीत नाहीं. जाईल आपोआप, असें म्हणून जे वाट पाहतात त्यांच्यासाठीं लिहितों.

कारणें एकच एक सांगतां येत नाहींत. घराण्यांतून येणारा अंश आहे, स्वभाव आहे, कांहीं दुःख किंवा अपमान आहे, आणि भोंवतालचें जग आहे. जगाचा अंश किती असतो याचें एक उदाहरण पॅसिफिक महासागरांतील फिजी बेटांवरचें आहे. तेथें भरदार अंग हें आरोग्याचें व घरच्या मायेचें चिन्ह मानीत. नद्रोगा भागांत १९९५ सालीं दूरचित्रवाणी आली. ॲन बेकर या अमेरिकन विदुषीनें त्या वर्षीं व पुन्हां १९९८ सालीं तेथील शाळकरी मुलींची प्रश्नावली घेतली. खाण्याविषयीं रोगट वृत्ति दाखविणाऱ्या मुलींचें प्रमाण शेंकडा सुमारें १३ होतें, तें तीन वर्षांत सुमारें २९ झालें. मुलींची संख्या दोन्ही वेळां साठ-पासष्टच होती, म्हणून फार मोठा निष्कर्ष काढूं नये. पण हातांतल्या पडद्यावर दिवसभर चेहरे व कंबरा पाहणाऱ्या आमच्या मुलांविषयीं विचार करावयास तो पुरेसा आहे. आपल्या देशांत याचें रूप किंचित् निराळेंही असतें. १९९५ सालीं दिल्लीच्या डॉक्टरांनीं पांच तरुण स्त्रियांचा वृत्तांत प्रसिद्ध केला. त्या अन्न नाकारीत, त्यांस वांती होई, वजन घटलें होतें, परंतु आपण लठ्ठ आहों असें त्या म्हणत नसत. तेव्हां जें मूल वजनाचें नांव न काढतां, पोट दुखतें, घशाखालीं उतरत नाहीं, असें महिनोन्महिने सांगतें त्याच्याकडेही लक्ष पुरवावें.

उपचाराच्या बाबतींत आईबापांचें स्थान कसें बदललें तें सांगितलें पाहिजे. गल यांच्या मतें नातलगांसारखे वाईट शुश्रूषक नाहींत. रोग्यास घरापासून दूर ठेवावें अशीच रीत पुढें पुष्कळ वर्षें चालली, आणि दोष आईच्या माथीं मारण्याचाही प्रघात पडला. लंडनच्या मॉड्स्ले रुग्णालयांत १९८०च्या सुमारास ही दिशा फिरली. रसेल व त्यांचे सहकारी यांनीं १९८७ सालीं दाखविलें कीं, ज्यांचा आजार लहान वयांत सुरू झाला व फार जुना झाला नाहीं, त्यांच्या बाबतींत कुटुंबास बरोबर घेऊन केलेला उपचार अधिक गुणकारी ठरतो. त्यांत आईबाप कांहीं काळ मुलाच्या जेवणाची सर्व सूत्रें आपल्या हातीं घेतात; डॉक्टरांच्या सल्ल्यानें ताट वाढतात, शेजारीं बसतात, आणि रागावतां विनवितां उठून न जातां जेवण होईपर्यंत बसून राहतात. ताप आलेल्या मुलास औषध देतांना आपण जसे निश्चल असतों तसें. याईराच्या बारा वर्षांच्या मुलीस उठविल्यावर प्रभूनें भोंवतालच्या थक्क झालेल्या माणसांस काय सांगितलें, तर तिला कांहीं खावयास द्या. मार्कानें हा लहानसा तपशील टिपून ठेवला आहे, आणि त्या वाक्याशीं आम्ही पुष्कळदां थबकतों.

घरीं शंका आली तर ताटावर वाद घालूं नये. निवांत वेळीं, वजनाविषयीं न बोलतां, तुझा चेहरा उतरला आहे, तूं एकटी बसतेस, आम्हांस काळजी वाटते, एवढेंच बोलावें, आणि तिच्या होकाराची वाट न पाहतां डॉक्टरांकडे न्यावें. मनाच्या आजारासाठीं सरकारची टेलि-मानस ही सेवा २०२२ पासून चालू आहे. १४४१६ या क्रमांकावर कोणत्याही वेळीं विनामूल्य बोलतां येतें, मराठींतही. भाऊबहिणींसही विसरूं नये. घराचें सारें लक्ष एका ताटाकडे लागलें म्हणजे दुसरें मूल मुकाट्यानें लहान होऊन बसतें. विद्यार्थ्यांस आमचें सांगणें इतकेंच कीं, जाड्या, ढब्बू, काडीपैलवान हीं नांवें वर्गाच्या दाराबाहेर ठेवावीं. जो मित्र डबा उघडीत नाहीं त्याच्या शेजारीं जाऊन बसावें, आणि विश्वासाच्या वडील माणसास सांगावें. ही चहाडी होत नाहीं.

बरें होतां येतें. पुष्कळ लोक पूर्ण बरे होतात. परंतु त्यास महिने नव्हे, बहुधा वर्षें लागतात, आणि वजन भरून आलें म्हणजे मन भरून आलें असें घडत नाहीं. याच टप्प्यावर घरचीं माणसें निर्धास्त होतात, आतां जेवतेस ना, मग झालें, असें म्हणतात. मिनेसोटाच्या त्या छत्तीसांपैकीं हयात असलेल्या अठरा वृद्धांच्या मुलाखती २००३ व २००४ सालीं घेण्यांत आल्या. साठ वर्षें लोटलीं होतीं. केल्याचा पश्चात्ताप त्यांस नव्हता. पण सर्वांत कठीण काळ म्हणून त्यांतील अनेकांनीं उपासमारीचे सहा महिने सांगितले नाहींत. त्यांच्या ताटांत पुन्हां अन्न वाढलें जाऊं लागलें ते, त्यानंतरचे महिने सांगितले.